उसना कान

मालिकेत सासूबाई दारात येऊन उभ्या राहतात, सुनेच्या हातातलं ताट खाली पडतं आणि पाठोपाठ तीनदा 'ढॅण' होतं. ते 'ढॅण' करणारा मी. लोकांना वाटतं, नळाला पाणी यावं तसा तो आवाज टीव्हीतून आपोआप येतो. आमच्या सोसायटीचे सेक्रेटरी नव्या बिऱ्हाडकरूंना माझी ओळख "हे सिनेमा-टीव्हीचे म्युझिक डायरेक्टर" अशी करून देतात. समोरचा लगेच विचारतो, "कुठलं गाणं तुमचं?" गाणं नाही, पार्श्वसंगीत, असं सांगितलं की त्याचा चेहरा पडतो. एकाने तर विचारलं होतं, "मग मुलीच्या वाढदिवसाला ऑर्केस्ट्रा वगैरे करता का?" पूर्वी अशा वेळी मी तिथल्या तिथे चिडायचो. आताही चिडतो, पण घरी येऊन.

या धंद्यात मी अपघाताने आलो नाही. मला संगीतकारच व्हायचं होतं, सिनेमाचा. तरुणपणी पेटी बडवत, मोठ्या संगीतकारांकडे सहायकाचा सहायक म्हणून स्वरलेखन करत, वादकांना चहा झाला का विचारत बरीच वर्षं काढली. मग मालिका सुरू झाल्या आणि दोन वेळचं नीट जेवण त्यांनी दिलं. मालिकेचं काम कसं चालतं हे सांगितलं तर लोकांना हसू येतं. शूटिंग सुरू व्हायच्या आधीच आम्ही संगीताचे तुकडे करून ठेवतो, दिवाळीच्या आधी डबे भरून ठेवतात तसे. कॉम्प्युटरवर त्यांची नावं असतात: 'दुःख हळू', 'दुःख जोरात', 'सासू आली', 'काहीतरी शिजतंय'. मग रोजच्या भागाला लागेल तो तुकडा काढायचा आणि चिकटवायचा. माझं 'दुःख हळू' आजोबा गेले तेव्हाही वाजलं आणि पुरणपोळी करपली तेव्हाही वाजलं. त्यात माझा अपमान आहे असं मला कधी वाटलं नाही, कारण घरच्या बाईला करपलेल्या पुरणपोळीचं दुःख होतंच.

आम्ही राहतो वसईत, उमेळ्याच्या बाजूला. वडिलांनी इथे फ्लॅट घेतला तेव्हा गॅलरीतून केळीच्या वाड्या दिसायच्या. आता समोरच्यांचे वाळत घातलेले कपडे दिसतात. माझा स्टुडिओ मात्र वसई पूर्वेला, वालीवला, एका औद्योगिक इमारतीतल्या गाळ्यात. एका बाजूला स्प्रिंगा बनवणारा, दुसऱ्या बाजूला प्लास्टिकची झाकणं पाडणारा. भिंतींना जाड गाद्या मारल्या, दाराला दुसरं दार लावलं, तरी झाकणवाल्याचं मशीन खालून जमिनीतून यायचंच. त्यामुळे बासरी, व्हायोलिन असं खरं वाद्य ध्वनिमुद्रित करायचं ते शुक्रवारी, कारखान्यांना सुट्टी असते तेव्हा. त्यातही वीजवाल्यांनी दुरुस्तीसाठी नेमका तोच शुक्रवार धरला, तर मुंबईहून आलेला बासरीवाला आणि आम्ही दिवसभर अंधारात वेफर्स खात बसायचो.

'आम्ही' म्हणजे मी आणि माझा मित्र. तो मिक्सिंग करतो. मी सगळी वाद्यं, सगळे सूर एका ढिगात घालून देतो. कोण पुढे, कोण मागे, कोणाचा आवाज किती, हे ठरवून त्या ढिगाचं संगीत करणारा तो. राजोडीचा, मासेमारी करणाऱ्या ख्रिस्ती घरातला. वडील बोटीवर जायचे आणि हा चर्चच्या क्वायरमध्ये ऑर्गनच्या मागे बसून वायरी जोडायचा. पुढे इलेक्ट्रॉनिक्स शिकला, मोठ्या स्टुडिओत नोकरी केली, आणि मी गाळा घेतला तेव्हा आपणहून माझ्याकडे आला. आमचं लग्न लागल्यासारखंच आहे. तो मला तोंडावर 'म्हातारा' म्हणतो आणि मी त्याला, रविवारी चर्चमध्ये मिस्सा आटपून जेवण झाल्याशिवाय फोन उचलत नाही म्हणून, 'बिशप'.

मग एका वर्षी मला सिनेमा मिळाला. पहिला, स्वतःचा. पडद्यावर 'संगीत' आणि त्याखाली एकट्या माझं नाव. दिग्दर्शिका विरारची, माझ्या भाचीच्या वयाची. तिने एका मालिकेत सहायक म्हणून काम केलं होतं आणि तेव्हाच माझं नाव मनात ठेवलं होतं म्हणे. गोष्ट साधी होती. वसईतल्या एका वाडीची मालकीण. मुलांनी वाडी विकायला काढली आहे, आणि ही बाई शेवटचं शिंपणं करते. एवढाच सिनेमा. "सर, मला ढॅण-ढॅण नको," ती पहिल्याच भेटीत म्हणाली. "एकदम कमी पाहिजे. बासरी पण विचार करून. जिथे म्युझिक नाही ना, तिथे पण लोकांना वाटलं पाहिजे की आहे."

मी घरी आलो आणि बायकोला म्हणालो, "अगं, मला हेच करायचं होतं सगळा जन्म." ती शाळेत शिकवते, वह्या तपासत होती. तिने वही मिटली. मग उठून तिने सरळ गोडाचा शिरा केला.

त्यानंतर थोड्याच दिवसांत ती तापाने पडली. मी मोठ्या जबाबदारीने तिच्या तोंडात थर्मामीटर ठेवला आणि शेजारी बसलो. तो डिजिटल, ताप मोजून झाला की बीप बीप करतो. मी वाट बघतोय. ती डोळे मोठे करून बघतेय. मी म्हणालो, "थांब, वाजू दे." तिने भुवया उडवल्या. मी म्हणालो, "बोलू नकोस, चुकीचा येतो." तिने हात हलवला, मी तो धरून खाली ठेवला आणि वर थोपटला. शेवटी तिने स्वतःच थर्मामीटर बाहेर काढला आणि म्हणाली, "अहो, कधीचा वाजून वाजून थांबला! मला बोलता येत नव्हतं. तुम्हाला काय झालंय?"

"बिघडला असेल," मी म्हणालो.

"परत लावते." तिने परत लावला, आणि थोड्या वेळाने बोटाने खूण केली: आता वाजतोय. खोलीत पंख्याचा आवाज होता, खाली रिक्षा वळत होती, शेजारी कोणीतरी लसूण ठेचत होतं. हे सगळं मला ऐकू येत होतं. बीप नव्हता. बायको तापलेली, आणि घाम मला फुटला.

कानाचे डॉक्टर स्टेशनजवळ बसतात. त्यांनी मला काचेच्या खोलीत बसवलं, कानांना हेडफोन लावले, हातात बटण दिलं. बाहेर आल्यावर आलेख दाखवला. डावीकडून रेघ बरी चालली होती आणि उजवीकडे बागेतल्या घसरगुंडीसारखी खाली गेली होती. "बोलणं तुम्हाला नीट समजतंय, म्हणून इतके दिवस कळलं नाही," ते म्हणाले. "वरच्या पट्टीतलं गेलंय. थोडं वय, बरंचसं हेडफोन. काम काय करता आपण?" मी सांगितलं. त्यांनी आलेख खाली ठेवला आणि अगदी मऊ आवाजात म्हणाले, "मशीन लावू आपण. बोलण्याला फायदा होईल. संगीताचं मी खात्रीने सांगू शकत नाही." चांगला माणूस होता. मला त्याचा भयंकर राग आला.

पुढच्या शुक्रवारी मी गाळ्यात गेलो. मित्र वायरी गुंडाळत होता. मी म्हणालो, "मला टोन ऐकव. खालपासून वरपर्यंत, एकेक."

"कशाला?"

"ऐकव सांगितलं ना."

कुठल्याही गोष्टीला उलट विचारल्याशिवाय न राहणारा हा माणूस दुसऱ्यांदा काही विचारत नाही, हे मला तेव्हाच खटकलं. त्याने शुद्ध स्वर चालू केला आणि हळूहळू वर नेऊ लागला. शिट्टी बारीक होत गेली, आणखी बारीक, आणि मग संपली.

"बंद केलास?" मी विचारलं.

"नाय."

"आता आहे?"

"आहे."

"आता?"

त्याची मान खाली होती. "आहे," तो म्हणाला, आणि त्याने हात पुढे करून तो स्वर बंद केला. माझ्यासाठी काहीच बदललं नाही.

"तुला माहीत होतं," मी म्हणालो.

तो परत वायरी गुंडाळू लागला.

"कधीपासून?"

"झाली काही वर्सं. तू घुंगरं, चाइम्स, जे काय किनकिननारा असेल, ते वाढवायला लागलास. एकदा वाढवलास, परत वाढवलास. मला कळला तुला कमी ऐकू येतंय. मग मी मिक्सिंगमध्ये खाली घ्यायला लागलो."

अंगाचा तिळपापड होणं म्हणजे काय ते मला त्या दिवशी कळलं. इतकी वर्षं चॅनलवाले म्हणायचे, सर, तुमच्या म्युझिकमध्ये एक गोडवा असतो, टोचत नाही. मी मान तुकवून 'थँक्यू' म्हणायचो. तो गोडवा याने माझ्या पाठीमागे बसून केलेला! मी त्याला नको नको ते बोललो. दया करतोस का माझ्यावर, म्हणालो. माझ्या संगीतात हात घालायला तुला कोणी सांगितलं, म्हणालो. तो वायरी गुंडाळतच राहिला. शेवटी त्याने पिशवी उचलली, चपला घातल्या, आणि "जेवून घे, डबा तिकडे ठेवलाय" असं म्हणून निघून गेला.

मी डबा उघडला नाही. इरेला पेटलो होतो. दुसऱ्या दिवशी मालिकेच्या पुढच्या भागाचं संगीत मी एकट्याने केलं, मिक्सिंगही मीच केलं आणि चॅनलला पाठवून दिलं. हळदीचा भाग होता. बांगड्या, पैंजण, चाइम्स, मी सगळं मनासारखं बसवलं होतं. मला फार सुंदर वाटत होतं. तासाभरात चॅनलच्या बाईंचा फोन आला. आधी हसल्या, मग म्हणाल्या, "सर, आज काय भांड्यांच्या दुकानात ट्रक घुसवलाय का? कानात दुखतंय आमच्या. बिशप सर सुट्टीवर आहेत का?"

मी 'हो' म्हणालो. फोन ठेवला आणि त्या गाद्या मारलेल्या खोलीत नुसता बसून राहिलो. झाकणवाल्याचं मशीन खालून धडधडत होतं. ते मला उत्तम ऐकू येत होतं. मला खरंच भीती वाटली. माझ्याजवळ एवढी एकच विद्या होती आणि तिचा वरचा मजला कोणीतरी उतरवून नेला होता. सिनेमाचं काम तर अजून सुरूही झालं नव्हतं. कमी, बारीक, नाजूक मागणारा सिनेमा, आणि त्याला संगीत देणारा मी.

रविवारी मी राजोडीला गेलो. सुट्टीचा दिवस, किनाऱ्याकडे गाड्यांची रांग, मुंबईहून आलेली पोरं-पोरी, प्रत्येकाच्या स्पीकरवर वेगळं गाणं. मित्राचं घर आतल्या गल्लीत. तो ओटीवर बसून कोणाचा तरी चर्चमधला माइक उघडून दुरुस्त करत होता. मला बघून त्याची बायको आतून म्हणाली, "आलात? पानी आनते." तिच्या 'आलात'वरून मला कळलं की घरात माझी वाट बघणं चाललं होतं.

मी त्याच्या शेजारी बसलो. माफी मागायची मला सवय नाही. मी म्हणालो, "माइकला काय झालं?"

"फादरनी पाडला."

मी माइकची सुटी जाळी उचलून शर्टाला पुसली. मग म्हणालो, "मला सांगितलं का नाहीस रे? एवढं एकच सांग."

त्याने स्क्रू-ड्रायव्हर खाली ठेवला. "सांगितला असता तर काय केला असतास? घाबरला असतास. घाबरून कमी टाकला असतास, अंदाजाने. मग मला कसा कळनार तुला खरा काय पायजे होता? आता तू मनापासून टाकतोस. जास्त पडतंय ते मी काढतो. पन तू कुठे टाकलास, कशाला टाकलास, ते मला दिसतंय ना. ते कमी झाला असता तर मी कुठून आननार होतो? ते मला जमत नाय."

त्याच्या बायकोने पाणी आणि त्यामागून बोंबील-भाकरी आणून ठेवली. मी मुकाट्याने खाल्लं. मी दोनदा नाक पुसलं, आणि ते बोंबलाच्या तिखटाने आहे असं समजायला तिघांचीही हरकत नव्हती.

आता प्रश्न दिग्दर्शिकेचा. मित्राचं म्हणणं, सांगू नकोस. इतकी वर्षं निभावलं, हेही निभावू. बायकोचं म्हणणं बरोबर उलट. "मालिकेत तुमची 'सासू आली' जरा जास्त किणकिणली तर उद्या दुसरा भाग येतो," ती म्हणाली. "तिचा हा एकच सिनेमा आहे. तिला माहीत हवं." मी दोन्ही बाजूंनी विचार केला आणि दोन्ही वेळा बायको बरोबर निघाली. पण सांगितलं की सिनेमा जाणार, हेही मला स्वच्छ दिसत होतं. ज्याला तिखट-मीठ कळेनासं झालंय अशा आचाऱ्याला लग्नाचं जेवण कोण देतं? मी तरी दिलं नसतं.

उमेळ्याच्याच एका वाडीत तिचं शूटिंग चाललं होतं. जेवणाच्या सुट्टीत मी तिला बाजूला, विहिरीपाशी नेलं आणि सगळं सांगितलं. थर्मामीटरही सांगितला. ती हसली नाही. तिने टोपी काढली, केस बांधले, परत सोडले. "सर, मला जरा टाइम द्या," एवढंच म्हणाली आणि युनिटकडे गेली. तिला नावं ठेवायला मला जागा नव्हती. मी घरी चालत आलो. वाटेत नव्या इमारतीचं काम चालू होतं, आणि पाइपावर पाइप आपटल्याचा आवाज मला बोथट लाकडासारखा आला. असा तो नेहमीच येत असणार, माझं लक्ष त्या दिवशी गेलं.

आठवडाभर तिचा फोन नाही. मी बाहेरून शांत होतो. बायको म्हणते, मी त्या दिवसांत स्वयंपाकघरातले सगळे डबे पुसले. स्वतःच्या नावाचा सिनेमा पाहिजे, ही इच्छा मी इतकी वर्षं विनोद करून झाकून ठेवली होती. आता ती उघडी पडली होती आणि मला तिची लाज वाटत नव्हती. मला तो सिनेमा हवा होता. फार हवा होता.

शुक्रवारी ती न सांगता गाळ्यावर आली. कारखाने बंद, सगळीकडे शांत. मित्रही होता. तिने दोघांना समोरासमोर बसवलं, शाळेत बसवतात तसं. "माझा एकच सवाल आहे," ती म्हणाली. "फायनल मिक्सला सर म्हणतील एक आणि हे म्हणतील दुसरं. मी कोणाचं ऐकायचं?"

मी मित्राकडे बघितलं. तो जमिनीकडे बघत होता. याआधी कोणी असं विचारलं असतं तर मी टेबलावर हात आपटून 'माझं' म्हणालो असतो. मी म्हणालो, "काय वाजणार आणि कधी वाजणार, ते माझं. किती वाजणार, ते याचं. मला पटलं नाही तरी याचं."

"आणि भांडण झालं तर?"

"ते रोजच होतं," मित्र म्हणाला.

ती हसली. मग म्हणाली, "ओके. पण प्रोड्युसरला यातलं काही सांगू नका हं, प्लीज. ते आधीच टेन्शनमध्ये आहेत." माझी छाती इतक्या जोरात धडधडत होती की मला वाटलं, तीही झाकणवाल्याच्या मशीनसारखी जमिनीतून सगळ्यांना जाणवेल.

काम सुरू झालं. बासरी दोनच ठिकाणी घेतली. बाकी सिनेमाभर विहिरीवरच्या मोटरीचा आवाज, पाटाचं पाणी, आणि त्यांच्याखाली दबलेला व्हायोलिनचा एक लांब स्वर. अडलो ते शेवटाला. शेवटी ती बाई मोटर बंद करते. पाटातलं उरलेलं पाणी केळीच्या बुंध्यांमधून सरकत सरकत पुढे जातं, मंद होतं आणि मातीत थांबतं. मग पडदा काळा. दिग्दर्शिकेला तिथे काहीतरी हवं होतं, आणि काहीच नकोही होतं. मी पेटीवर बसलो, बासरीवाल्याला दोन शुक्रवार छळलं. काही केल्या होईना.

आणि मग मला सुचलं. भजनातला छोटा टाळ, एकच, दोरीला टांगायचा आणि त्याच्या कडेवर व्हायोलिनचा गज ओढायचा. टाळ वाजवायचा नाही, घासायचा. असं केलं की त्यातून एक अतिशय उंच, बारीक, काचेसारखा सूर निघतो आणि पुष्कळ वेळ विरत राहतो. तरुणपणी कुठल्याशा ध्वनिमुद्रणात मी तो ऐकला होता. मित्र माझ्याकडे बघतच राहिला. "म्हातारा, तू निवडून निवडून तेच घेतलास जे तुला ऐकू येनार नाय."

"सुरुवात येते," मी म्हणालो. ते खरं होतं. गज लागताना जो पहिला ओरखडा होतो तो मला ऐकू यायचा, मग सुराचा थोडासा भाग, आणि मग माझ्यापुरता तो संपायचा. पुढचं सगळं विरणं इतरांसाठी. पण तो आवाज कसा आहे हे मला आतून ठाऊक होतं, आणि त्या पाण्याला दुसरा आवाज नव्हताच. मी टाळाची दोरी स्वतःच्या बोटाला गुंडाळून धरायचो, मित्र गज ओढायचा. सूर कानातून गेला तरी दोरी थरथरत असायची. ती थांबली की मी मान हलवायचो, आणि तो म्हणायचा, "अजून आहे." एवढ्यावरून आमची भांडणं झाली. मला वाटायचं फार लांबवतोयस. तो म्हणायचा, तुझी दोरी खोटी बोलते. शेवटी, ठरल्याप्रमाणे, त्याचं ऐकलं.

सिनेमाचा पहिला खेळ आपल्या माणसांसाठी, छोट्या थिएटरमध्ये होता. युनिट, त्यांचे नातेवाईक, ज्या वाडीत शूटिंग झालं तिथली मंडळी. माझ्या एका बाजूला बायको, दुसऱ्या बाजूला मित्र, कडक इस्त्रीच्या शर्टात. सुरुवातीला नाव आलं. 'संगीत', आणि त्याखाली मी. बायकोने माझं मनगट दाबलं. मला वाटलं होतं तेवढं काही मला झालं नाही. मला शेवटाची धास्ती होती.

माणसं बघत होती. मध्ये कोणी खोकलं, कोणाचं तरी बाळ कुरकुरलं आणि बाहेर नेलं गेलं. मग ती बाई विहिरीपाशी आली. मोटर बंद केली. थिएटरभर जी घरघर इतका वेळ भरून होती ती गेली आणि पाणी एकटं सरकू लागलं. गजाचा ओरखडा आला. पाठोपाठ सूर आला, तो मी ऐकला, ओळखला. पाणी केळीच्या पहिल्या बुंध्यापाशी पोचलं आणि माझा सूर गेला.

पडद्यावर पाणी अजून चाललं होतं. माझ्यासाठी ते नुसतं चित्र होतं. ते मंद झालं, थांबलं, मातीत मुरलं. पडदा काळा झाला. आता लोक उठणार, खुर्च्या वाजणार, म्हणून मी गुडघ्यांवर हात ठेवून तयार झालो.

कोणी उठलं नाही. अंधारात मला कुठेही काहीही ऐकू येत नव्हतं. मी बायकोकडे बघितलं. तिने डोळे मिटून घेतले होते. पुढच्या रांगेत वाडीतल्या एक म्हाताऱ्या बाई मान वर करून तशाच बसल्या होत्या, कोणीतरी दुरून हाक मारतंय आणि ती नीट ऐकायचीय अशा. माझ्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं आणि मी ते पुसलं नाही. शेजारी मित्र श्वास धरून बसला होता. मी त्याच्याकडेच बघत राहिलो. बऱ्याच वेळाने त्याने श्वास सोडला, पुढच्या बाई पदर सावरून उठल्या, आणि तेव्हा मला कळलं की आता संपलं.